कुणी बोली लावायची नाही

मार्सेल रुमावबद्दल लिहायला बसलो की मला माझाच राग येतो, म्हणून आजवर लिहिलं नाही. आता माझंही वय झालं. उगाच लाजत बसण्यात अर्थ नाही.

वसईत गिरीजच्या रस्त्याला लागून आमची आळी. आळीच्या तोंडाशी मार्सेलदादाची पिठाची गिरण, गिरणीमागे त्याचं कौलारू घर आणि घरामागे तीस गुंठ्यांची वाडी. वाडीत केळी, वीस-बावीस माड, आणि शेजारच्या गंगाराम राऊतच्या बांधाला चिकटून विहीर. विहीर दोघांची होती. सकाळी गंगारामचं पाणी, दुपारनंतर मार्सेलचं, आणि त्यावरून दोन पिढ्यांत एकदाही आवाज चढलेला कुणी ऐकला नव्हता.

मार्सेलदादा सहा फूट उंच आणि भुवयांपर्यंत पांढरा. बोलण्यात महाकंजूष. दळण टाकायला आलेल्या बाया गिरणीच्या आवाजावर ओरडून गावभरच्या बातम्या सांगायच्या आणि हा फक्त मान हलवायचा. रविवारी मिस्सेच्या प्रार्थनेला अंघोळ करून यायचा, तरी काळा कोट घातलेला माणूस त्याच्या शेजारी बसायला कचरायचा, इतकं ते पीठ त्याच्या अंगात मुरलेलं. लग्नाच्या दळणाचे पैसे त्याने कधी घेतले नाहीत. लग्न ख्रिस्ती घरातलं असो की हिंदू, तांदळाच्या गोणी यायच्या आणि पीठ होऊन जायच्या. पैसे पुढे केले तर म्हणायचा, "लग्नात जेवायला येतोच आहे ना." आणि जेवायला जाऊन कोपऱ्यात बसायचा.

एकोणऐंशी साली त्याने भात भरडायचं यंत्र घ्यायचं ठरवलं. आमच्या पट्ट्यातलं भात तेव्हा भरडायला लांब न्यावं लागे. बँकेने कर्ज दिलं, पण त्यासाठी घर, गिरण आणि वाडी, तिन्ही गहाण लिहून घेतलं. दोन वर्षं हप्ते वेळेवर गेले. मग एक्याऐंशीच्या ऑगस्टात यंत्राच्या पट्ट्यात त्याच्या शर्टाची बाही अडकली आणि उजवा हात कोपराखालून गेला.

चौदा महिने गिरण बंद राहिली. मग त्याच्या बायकोने, लूर्डसवहिनीने, पदर खोचला आणि गिरण चालवायला शिकली. ती पट्टा चढवायची, तो डाव्या हाताने पीठ चाळायचा. धाकटी लेक विनी शाळेतून आली की गल्ल्यावर बसायची. गिऱ्हाईक परत आलं, पण तोवर थकबाकी व्याजासकट डोक्यावरून गेली होती. बँकेने ठाण्याच्या कोर्टात दावा लावला आणि तारण विकून पैसे वसूल करायचा हुकूम मिळवला.

इथे मी आलो. मी हिलरी, त्याच आळीतला, वसईतल्या एका वकिलाकडे कारकून. तारखा लिहायच्या, नकला काढायच्या, साहेबांची बॅग धरायची. पण आळीत माझा तोरा असा, की जणू कायदा मीच लिहिलाय. लूर्डसवहिनी मला "अर्धा वकील" म्हणायची. मला ते नाव आवडायचं, हे आज सांगायला हरकत नाही.

मार्सेलदादाचं प्रकरण मीच साहेबांकडे आणलं. फी नको, म्हणाले साहेब. त्यांच्या लग्नाचं पीठही त्याच गिरणीतलं. एसटीने चिंचोटीवरून आम्ही ठाण्याला गेलो. जज्जसाहेबांनी अर्ज वाचला, मार्सेलदादाच्या दुमडून पिन लावलेल्या बाहीकडे पाहिलं आणि विक्रीला स्थगिती दिली. अट एकच: दर तीन महिन्यांनी अडीच हजार कोर्टात भरायचे. चुकलं तर स्थगिती उठली. परतताना एसटीत मी इतका बोललो की पुढच्या सीटवरच्या बाईने दोनदा वळून पाहिलं. मार्सेलदादा खिडकीतून बाहेर बघत होता. कामण आल्यावर म्हणाला, "पावसाळ्यात गिरण मंद चालते, हिलरी." एवढंच.

त्याचंच खरं झालं. पहिले अडीच हजार गेले. दुसरे वहिनीच्या अंगावरचं सोनं विकून गेले. तिसरा हप्ता सप्टेंबरात भरायचा होता आणि तो भरता आला नाही. स्थगिती उठली. कोर्टाचा बेलिफ ढोलवाल्याला घेऊन आला, गिरणीसमोर ढोल वाजला आणि दारावर लिलावाची नोटीस चिकटली. वहिनी आतून बाहेर आली नाही. गिरणीत दळण टाकायला आलेल्या दोन बाया डबे डोक्यावर घेऊन तशाच उभ्या राहिल्या.

माझं डोकं फिरलं. आणि मला माझ्या आजोबांची गोष्ट आठवली. आजोबा सांगायचे, त्यांच्या लहानपणी आळीतल्या एकाची वाडी सावकाराने लिलावाला काढली. सगळ्यांनी ठरवलं, कुणी बोली लावायची नाही. कुणी बोललंच नाही. सावकाराची फजिती झाली, त्याने हप्ते बांधून दिले आणि वाडी वाचली. तेव्हापासून आमच्याकडे रीतच पडली, की आपल्या माणसाच्या जमिनीवर बोली लावणं म्हणजे त्याच्या तोंडातला घास काढणं. रीत होती, पण पुढे लिलाव असा कुणाचा झालाच नव्हता.

पुढच्या रविवारी मिस्सा सुटली आणि मी देवळाच्या पायऱ्यांवर उभा राहिलो. आमचे फादर बाजूला उभे राहून ऐकत होते. मी म्हणालो, आपल्यातला एकही माणूस बोली लावणार नाही, ख्रिस्ती नाही आणि हिंदूही नाही. बोलीच आली नाही तर बँक काय विकणार? झक मारत तडजोडीला येईल. लोकांनी टाळ्या वाजवल्या. म्हातारा थॉमस तेवढा पाठीमागून म्हणाला, "त्या वेळचा सावकार इथंच राहायचा, बाबा. रोज तोंड दाखवायला लागायचं त्याला. बँक कुठं राहते?"

लोक हसले. मीही हसलो. म्हणालो, "थॉमसबाबा, जमाना बदलला. आता कायदा गरिबाच्या बाजूने आहे." एवढं बोलून मी पुढचा आठवडाभर घरोघर फिरलो. ज्याच्या गाठीला चार पैसे असतील त्याच्याकडून शब्द घेतला. कुणी नाही म्हणालं नाही.

त्याच रविवारी संध्याकाळी गंगाराम राऊत माझ्या ओट्यावर आला. पन्नाशीचा माणूस, पानवेलीची बाग, कधी कुणाच्या अध्यात ना मध्यात. टोपी काढून गुडघ्यावर ठेवली. मग म्हणाला, "हिलरी, मी बोली लावीन म्हणतो. पस्तीस हजारांवर जाईन. माझ्या भावाचे पैसे आहेत, हरिश्चंद्राचे, त्याला इकडे जमीन घ्यायचीय. बँकेचं फिटेल, वर मार्सेलच्या हातात आठ-नऊ हजार उरतील. घरातून त्याला मी उठवणार नाही. गिरण चालू राहील. जमेल तेव्हा जमीन परत घेऊ दे, हरिश्चंद्र कबूल आहे."

आता लिहिताना दिसतं की यापेक्षा चांगलं काही होणं शक्यच नव्हतं. बँकेचं देणं तेव्हा सव्वीस हजारांच्या आसपास होतं. पण त्या दिवशी टाळ्या माझ्या कानात वाजत होत्या. मी म्हणालो, "मग उसने द्या की त्याला."

"हरिश्चंद्र उसने नाही देणार. त्याची पोरं मोठी झाली. जमिनीच्या नावावर देतो म्हणतो."

"गंगारामदादा, सरळ सांगा ना. तुमचा डोळा विहिरीवर आहे."

तो उठला. टोपी डोक्यावर घातली, चपला पायात सरकवल्या आणि गेला. मला वाटलं, चोरी पकडली म्हणून गेला. घरात जाऊन मी बायकोला ही हकीकत फुशारकीने सांगितली. तिने विचारलं, "पण त्याचं चुकलं काय?" मी तिलाही गप्प केलं.

लिलाव गिरणीपुढच्या मोकळ्या जागेत झाला. अख्खी आळी आली, नेसून-सवरून आली. कोर्टाच्या माणसाने नोटीस वाचली, कोर्टाने ठरवलेली किमान किंमत सांगितली आणि विचारलं, "बोला." कुणी बोललं नाही. त्याने तीनदा विचारलं. बायका ओठ घट्ट मिटून उभ्या होत्या. एका पोराला खोकला आला तर आईने त्याच्या तोंडावर हात ठेवला. शेवटी कागद गुंडाळून तो माणूस म्हणाला, "बोली नाही," आणि लोकांनी असा जल्लोष केला की फादर देवळातून बघायला आले. वहिनी रडत होती, हसत होती, सगळ्यांना चहा देत होती. मला तर दोघांनी खांद्यावरच घेतलं.

मार्सेलदादा चहाला थांबला नाही. गिरणीत जाऊन यंत्राला तेल घालत बसला. मला वाटलं, भिडस्त माणूस.

दोन महिन्यांत हरिश्चंद्राने नालासोपाऱ्याला ब्लॉक घेतला. पैसे तिकडे गेले. त्याचंही बरोबरच होतं, किती दिवस थांबणार?

बँक तडजोडीला आली नाही. तिने कोर्टात सांगितलं, गिऱ्हाईक मिळत नाही, किमान किंमत कमी करा. कोर्टाने ती खाली आणली. पंच्याऐंशीच्या फेब्रुवारीत दुसरा लिलाव झाला. आम्ही पुन्हा नेसून-सवरून गेलो. या वेळी रस्त्यावर एक जीप उभी होती आणि तिला टेकून सफारी घातलेला एक माणूस सिगारेट ओढत होता. चाळी बांधायचा त्याचा धंदा. कोर्टाच्या माणसाने "बोला" म्हटल्यावर तो म्हणाला, "एकोणीस हजार."

आम्ही सगळे गप्प. शब्द दिला होता ना!

एक वार. दोन वार. थॉमसबाबा माझ्याकडे बघत होता. गंगारामही बघत होता, पण त्याच्याकडे आता पैसे नव्हते. मी मोठ्याने म्हणालो, "घाबरू नका. टिकणार नाही. असल्या भावाला कोर्ट मान्यता देत नाही." तीन वार. सफारीवाल्याने तिथेच जीपच्या बॉनेटवर चौथाई रक्कम मोजून दिली.

हे मी कशावरून म्हणालो? ऑफिसात एक जुनी फाईल होती, तिच्यात कमी भावाचा लिलाव रद्द झाला होता. मी निकालाची पहिली दोन पानं वाचली होती. तिसऱ्या पानावर लिहिलं होतं की तिथे कर्जदाराला नोटीसच मिळाली नव्हती, म्हणून रद्द. ते पान मी लिलावानंतर वाचलं.

साहेबांनी मला समोर बसवून सांगितलं, "आता दोनच वाटा. तीस दिवसांत बँकेचं सगळं देणं आणि घेणाऱ्याला शेकडा पाच जादा, हे कोर्टात भरलं तर लिलाव रद्द होतो. नाहीतर लिलावात फसवणूक किंवा मोठी गफलत झाली हे सिद्ध करायचं. नुसता भाव पडला हे कारण पुरत नाही." मग चष्मा काढून म्हणाले, "गावाला गप्प राहायला कुणी सांगितलं?"

मी सांगितलं. ते चष्मा पुसत राहिले. ओरडले असते तर बरं झालं असतं.

तीस दिवस आळीने जिवाचं रान केलं, हे मात्र लिहिलं पाहिजे. आळीतल्या कार्मिनबायने म्हैस विकली. सणाला बँड आणायचे पैसे देवळाच्या कमिटीने देऊन टाकले. गंगारामने पानांच्या विक्रीची महिन्याची सगळी पट्टी आणून दिली आणि माझ्याकडे न बघता गेला. तरी नऊ हजारांवर गाडी गेली नाही. तिसाव्या दिवशी संध्याकाळी मार्सेलदादा ते पैसे घेऊन घरोघर फिरला आणि ज्याचे त्याला परत केले. कार्मिनबाय घेईना, तर तिच्या उंबऱ्यावर ठेवून आला.

मग दुसरी वाट. भाव किती पडला ते दाखवायला साहेबांनी गंगारामला साक्षीला उभं केलं. गंगाराम म्हणाला, जमीन पस्तीस हजारांची आहे. जज्जसाहेबांनी विचारलं, "पस्तीसला तुम्ही घेतली असती?"

"हो साहेब. पहिल्या लिलावाला पैसे तयार होते."

"मग बोली का लावली नाही?"

गंगारामने टोपी हातात घेतली. "गावानं ठरवलं होतं, लावायची नाही."

"गावात कुणी ठरवलं?"

मी साहेबांच्या मागे बॅग धरून उभा होतो. गंगाराम समोरच्या भिंतीकडे बघत राहिला आणि म्हणाला, "गावानं, साहेब."

अर्ज नामंजूर झाला. जज्जसाहेब वाईट माणूस नव्हता. निकाल सांगून झाल्यावर त्याने मार्सेलदादाला पुढे बोलावलं आणि मराठीत विचारलं, "ताबा देण्याआधी काही मुदत हवी आहे का?" आम्हाला वाटलं, सहा महिने मागेल, विनीच्या परीक्षेचं सांगेल. मार्सेलदादा म्हणाला, "लोकांचं दळण आत आहे, साहेब. तेवढं देऊन होईतो आठ दिवस द्या." जज्जसाहेबांनी दोन महिने लिहिले.

निकाल इंग्रजीत होता. त्याची नक्कल घेऊन मी गिरणीत गेलो आणि मराठीत वाचून दाखवला. एक वाक्य मी गाळलं. त्यात लिहिलं होतं: पहिल्या लिलावात योग्य किंमत देणारा माणूस हजर होता; गावकऱ्यांनी आपसात ठरवून त्याला बोलू दिलं नाही; भाव पडला तो त्यामुळे, आणि त्याचा दोष लिलावाला देता येणार नाही. ते वाक्य आलं तेव्हा मी थेट पुढच्या परिच्छेदावर गेलो. मार्सेलदादाने ऐकून घेतलं आणि म्हणाला, "थोडक्यात, गेलं." मी हो म्हणालो. कागद तिथेच ठेवून निघालो.

जाताना त्याने प्रत्येकाचं दळण डब्यात भरून, झाकण लावून पोचतं केलं. गेलंच सगळं, वर बँकेचे सात हजार राहिलेच. नालासोपाऱ्याला दहा बाय दहाची खोली घेऊन तो राहिला आणि दुसऱ्याच्या गिरणीत दळण मोजायला बसू लागला. दर महिन्याला बँकेत थोडे थोडे भरायचा. आमच्या गिरणीच्या जागी चाळ उभी राहिली, विहीर बुजली, आणि गंगारामची पानवेल दोन उन्हाळ्यांत वाळली. त्यावरूनही तो मला एक शब्द बोलला नाही.

चार वर्षं मी मार्सेलदादाला टाळलं. वहिनी एकदा बाजारात भेटली, "बरा आहेस का हिलरी?" म्हणाली. अर्धा वकील म्हणाली नाही. मी मच्छी न घेताच घरी आलो.

एकोणनव्वदच्या, ईस्टरआधीच्या उपासकाळात फादरपाशी मी पापकबुलीला गेलो आणि हे सगळं बोललो. फादर म्हणाले, "हे मला सांगून काय होणार? ज्याचं त्याला सांग." म्हणून एका रविवारी मी त्या खोलीवर गेलो. वहिनी देवळात गेली होती. मार्सेलदादा एकटाच होता. खूप वाळला होता. अंगावर पीठ नव्हतं, त्यामुळे पहिल्यांदाच मला त्याच्या केसांचा खरा रंग दिसला, तोही पांढराच. त्याने मला बाजेवर बसवलं आणि डाव्या हाताने पाणी दिलं.

मी खिशातून निकालाची ऑफिसातली नक्कल काढली. म्हणालो, "दादा, यातलं एक वाक्य मी तुम्हाला वाचून दाखवलं नव्हतं." आणि वाचलं.

"ठाऊक आहे," तो म्हणाला. "विनीला इंग्रजी येतं. तिनं त्याच दिवशी वाचलं."

"गंगाराम माझ्याकडे आला होता. बोली लावतो म्हणाला. मी त्याला हाकललं, दादा. वाटेल ते बोललो."

मार्सेलदादाने पेला माझ्या हातातून घेऊन खाली ठेवला. "त्याला मीच पाठवलं होतं," तो म्हणाला. "आदल्या दिवशी त्याच्या वाडीत गेलो, आमचं दोघांचं ठरलं. तुझ्याकडे धाडताना माझं नाव काढू नको म्हणून मीच त्याला बजावलं. लोकांना वाटलं असतं, मार्सेलनं आपणच वाडी विकली."

मी म्हणालो, "मला का नाही सांगितलंत? मी थांबवलं असतं सगळं. एका शब्दाने थांबलं असतं."

"सांगायलाच आलो होतो. त्या रविवारी, मिस्सा सुटल्यावर. तू पायऱ्यांवर उभा राहून बोलत होतास." मग म्हणाला, "आयुष्यात इतकी माणसं माझ्यासाठी उभी राहिलेली मी कधी बघितली नव्हती, हिलरी. मग नाही सांगवलं."